लँड ग्रँट म्हणजे भू-अनुदान नव्हे!

प्रश्न असा आहे: अमेरिकेतल्या चिकानो, म्हणजे मेक्सिकन वंशाच्या लोकांच्या जमिनीच्या लढ्याबद्दल लिहिताना 'लँड ग्रँट'ला 'भू-अनुदान' म्हणावं का?

अजिबात नाही. अनुदान शाळेला मिळतं, ठिबक सिंचनाला मिळतं. ग्रँट दिसली की अनुदान लिहायचं, ही खोड आता मोडायलाच हवी. न्यू मेक्सिको आणि कोलोरॅडोतले लोक त्या जमिनीला 'मेर्सेद' म्हणतात. स्पॅनिशमध्ये मेर्सेद म्हणजे कृपा. आधी स्पेनच्या राजाच्या आणि पुढे मेक्सिकोच्या सरकारच्या नावाने मेहेरबानी म्हणून दिलेली जमीन. आपल्याकडे शब्द तयार आहे: इनाम! अरबीतही त्याचा अर्थ कृपा करणं, बक्षीस देणं. काही जाणकार 'सनद' सुचवतात, ते मला साफ नामंजूर आहे. सनद हा कागद. कागदावर गुरं चरत नाहीत.

गुरांवरून आठवलं. ज्या अरबी धातूतून 'इनाम' आला, त्याच धातूतला 'अनआम' म्हणजे गुरंढोरं! म्हणूनच मेर्सेदला याहून चपखल शब्द नाही असं मी म्हणतो, कारण तिथलं सगळं जगणंच चराईवर.

कोलोरॅडोतलं सान लुईस गाव घ्या. ते ज्या इनामात येतं, ते सांग्रे दे क्रिस्तो हे 1844 चं इनाम. त्याचे मालक कार्लोस बोबियन यांनी 1863 च्या दस्तात वस्ती करणाऱ्यांना 'पास्तोस, आग्वा, लेन्या इ मादेरा' लिहून दिलं: चारा, पाणी, सरपण आणि इमारती लाकूड. लेन्या आणि मादेरा, दोन्हींना सरसकट 'लाकूड' लिहू नका. चुलीत कोणी वासे घालत नाही.

1960 मध्ये जॅक टेलर नावाच्या लाकूड व्यावसायिकाने या इनामातला सुमारे 77,000 एकरांचा डोंगर विकत घेतला आणि गावाची वाट बंद केली. 1981 मध्ये त्या वस्ती करणाऱ्यांच्या वारसांनी दावा लावला. 2002 मध्ये कोलोरॅडोच्या सर्वोच्च न्यायालयाने चराई, सरपण आणि लाकूड यांचे हक्क मान्य केले. शिकार आणि मासेमारीचे नाकारले. 'डोंगर परत मिळाला' असं सर्रास म्हटलं जातं, तेही चूक. मालकी दुसऱ्याचीच राहिली. परत आली ती वहिवाट.