डेट्रॉइटची पॅराडाइज व्हॅली काळाच्या ओघात कशी लयाला गेली? आज तिथे पाहण्यासारखे काय आहे?

कृष्णवर्णीयांच्या दुकानांची आणि करमणुकीची ही वस्ती लयाला गेली नाही, पाडली गेली, आणि पाडणाऱ्यांनी त्याला नगरसुधारणा म्हटले.

मी १२ वर्षे आय-३७५ या रस्त्याने कामावर जात असे. जेमतेम मैलभराचा, खोल खणून काढलेला हा महामार्ग १९६४ मध्ये खुला झाला. आमच्या कारखान्यातून निवृत्त झालेले एक कृष्णवर्णीय सहकारी एकदा मला त्यावरच्या लाफायेट स्ट्रीटच्या पुलावर घेऊन गेले आणि कठड्यावर कोपर टेकवून म्हणाले, "तो ट्रक जातोय ना, तिथे माझ्या आजोबांची दाढीची खुर्ची होती." खाली महामार्ग आहे तिथे पूर्वी हेस्टिंग्ज स्ट्रीट हा कृष्णवर्णीयांच्या धंद्यांचा रस्ता होता. दक्षिणेतून कामासाठी आलेल्या कृष्णवर्णीयांना शहरात इतरत्र घर मिळू दिले जात नसल्यामुळे ते ब्लॅक बॉटम या वस्तीत दाटीने राहिले, आणि त्यांच्याच मजुरीच्या पैशावर हेस्टिंग्ज आणि शेजारची पॅराडाइज व्हॅली उभी राहिली. सनी विल्सन यांच्या फॉरेस्ट क्लबात बोलिंग आणि स्केटिंगचीही सोय होती. जो व्हॉन बॅटल हे गायिका अरीथा फ्रँकलिनच्या वडिलांची प्रवचने ध्वनिमुद्रित करून आपल्या रेकॉर्डच्या दुकानातून विकत.

एका गणेशोत्सवात आमच्या मंडळातील एक ज्येष्ठ तिथल्या दुकानदारांबद्दल म्हणाले होते, "नेटाने धंदा केला असता तर टिकले असते." मी मोदकाचे ताट हातात घेऊन गप्प राहिलो, त्याची खंत अजून आहे. जागा भाड्याची, त्यामुळे तिचा मोबदला मिळणार तो मालकाला, आणि गिऱ्हाईक घरे गमावून शहरभर पांगलेले; अशा वेळी नेट लावायचा कशावर? याच गृहस्थांच्या घराण्याने रस्तारुंदीत गेलेल्या दुकानाच्या ओट्यासाठी अनेक वर्षे कोर्टकचेरी केली आहे.

ब्लॅक बॉटममधली बरीच घरे मोडकळीस आली होती, हे मान्य केले पाहिजे. जुगारही चाले, गोथम हॉटेलवर १९६२ मध्ये छापा पडला तो त्यासाठीच. पण घरे दुरुस्त करता येतात, आणि जुगारासाठी कोणी अख्खी वस्ती खणून काढत नाही.

पाहायचेच असेल तर वुडवर्ड ॲव्हेन्यूवरचे ऑर्केस्ट्रा हॉल पाहावे. १९४१ ते १९५१ या काळात ते पॅराडाइज थिएटर होते आणि जॅझ संगीतकार ड्यूक एलिंग्टन यांनी तिथे कार्यक्रम केले. मात्र त्याआधी त्या पुलावर जाऊन यावे. आमच्या ज्येष्ठांनाही मी माझ्या गाडीतून तिथे न्यायला तयार आहे.