इंग्लंडमधील एस्कम गावचे चर्च इतक्या शतकांनंतरही कसे टिकून आहे?

डरहॅम परगण्यातील हे चर्च सातव्या शतकाच्या उत्तरार्धात, म्हणजे आज ज्या अँग्लिकन पंथाची उपासना तेथे होते तो पंथ जन्माला येण्यापूर्वी सुमारे ८५० वर्षे बांधले गेले. जवळच्या बिंचेस्टर येथील रोमन किल्ल्याचे घडीव दगड आयते मिळाल्यामुळे भिंती भक्कम झाल्या. उत्तरेकडील भिंतीत सहाव्या रोमन सैन्यदलाचे नाव कोरलेला दगड चक्क उलटा बसवलेला दिसतो. सभागृह अरुंद पण उंच असून मूळच्या खिडक्या लहान आहेत. मला सर्वांत मोलाचे वाटते ते दक्षिण भिंतीवरील साधे सूर्यघड्याळ, ज्याच्याभोवती सर्पाकृती कोरलेली आहे. एकोणिसाव्या शतकात नवे चर्च झाल्यावर या वास्तूची आबाळ झाली, छप्परही गेले. परंतु १८७५ ते १८८० या काळात तिचा जीर्णोद्धार करण्यात आला.