जत्रेत आरोग्याचा माहितीपट कोण बघणार?

प्रश्न : आम्ही काही मुलं मोबाइलवर चार मिनिटांचा माहितीपट करतोय, माकडतापापासून, म्हणजे जंगलातल्या गोचिडी चावून होणाऱ्या तापापासून, बचाव कसा करायचा यावर. संहिता सोबत जोडली आहे. चैत्रातल्या जत्रेत नाटकाआधी दाखवायचा विचार आहे. पण देवस्थान समितीतले एक काका म्हणतात, "नाटकाला आलेल्या माणसांना रोग कसले दाखवता?" काय करावं?
— एक वाचक, वाळपई

उत्तर : काकांचं मला निम्मं पटलं. पूर्वी थिएटरात सिनेमाआधी फिल्म्स डिव्हिजनचा माहितीपट सक्तीने लागायचा आणि माणसं तेवढ्यात बाहेर चणे खाऊन यायची. सक्तीने कोणी शिकत नाही. आरोग्यसेविका असताना मी पडदा घेऊन वाड्यावाड्यांवर फिरले आहे. आपला ओहळ, आपली बाग पडद्यावर दिसली की उठणारा माणूसही परत बसतो.

तुमच्या संहितेत पहिलं दीड मिनिट १९५७ साली कर्नाटकात क्यासनूरच्या जंगलात रोग कसा सापडला, यावरच गेलंय. ते काढा. सरळ काजूच्या बागेत सुरुवात करा. बाई बोंडू गोळा करायला निघालीय. पूर्ण बाह्यांचा शर्ट, हातापायांना आरोग्य केंद्रातून आणलेलं, गोचिडी दूर ठेवणारं तेल. पेज प्यायला ती पाचोळ्यावर बसकण मारत नाही, कातळ शोधते. घरी आल्यावर कपडे खुंटीला नाहीत, थेट कढत पाण्यात. मग साबण लावून आंघोळ. हे सगळं सावकाश दाखवा. चावतात ती गोचिडीची पिल्लं तिळापेक्षा बारीक असतात, म्हणून एक पिल्लू पांढऱ्या फडक्यावर ठेवून अगदी जवळून घ्या. मेलेलं माकड दिसलं तर हात न लावता आरोग्य केंद्राला कळवायचं, हे शेवटी एका वाक्यात. तापाने फणफणलेला रोगी मात्र नको, त्याने नुसती भीती बसते. निवेदन गावातल्याच बाईने कोंकणीत केलं तर फारच उत्तम. संहिता आधी तुमच्या आरोग्य केंद्रातल्या डॉक्टरांना वाचायला द्या.

आणि चैत्र उशिराचा. तोवर निम्मे बोंडू गोळा झालेले असतात, गोचिडीही चावून मोकळ्या. काजू धरायच्या आधीची एखादी जत्रा गाठा. पालखी झाल्यावर नट रंगायला बसतात, तेव्हा माणसं नुसती ताटकळत असतात. ती वेळ मागून घ्या.

पुढे डेंग्यूवरही माहितीपट करणार असाल, तर तो जूनसाठी ठेवा. त्यात पिंप रिकामं करणं पुरत नाही, आतून घासायला हवं, कारण अंडी कडेला चिकटून सुकी राहतात आणि पाणी भरलं की फुटतात.

काकांची काजूची बाग असली, तर चित्रीकरण तिथेच करा. मग नाटकाआधीची वेळ तेच मिळवून देतील.