हिरड्या, हृदय, साखर आणि घराण्याचा वारसा : वाचकांचे प्रश्न

प्रश्न : वडिलांचे दात पन्नाशीच्या आत हलून पडले, पुढे अँजिओप्लास्टी झाली. मी ३६ वर्षांचा. ब्रश करताना रक्त येतं. हे घराण्यातूनच आलंय का? (डोंबिवली)

काही अंशी, हो. जुळ्यांच्या अभ्यासांनुसार हिरड्यांच्या गंभीर आजारात अनुवंशिकतेचा वाटा साधारण एकतृतीयांश ते निम्मा निघतो. नवव्या गुणसूत्रावर ९पी२१ नावाची जागा आहे. तिथले काही बदल हृदयाच्या रक्तवाहिन्यांच्या आजाराशी जोडलेले आहेत; तरुणपणीच दातांभोवतीचं हाड झिजवणाऱ्या हिरड्यांच्या आजाराशीही त्याच जागेचा संबंध सापडला आहे. म्हणजे दोन्हींचा कल एकाच वारशातून येऊ शकतो.

पण नुसती जनुकं हाड खात नाहीत. त्यासाठी दातांवर साचलेलं किटण लागतं, आणि ते काढता येतं. ‘क्लिनिंग करून द्या’ एवढ्यावर थांबू नका. वडिलांचं सगळं सांगा आणि प्रत्येक दाताभोवती सहा ठिकाणी प्रोबने (खुणा असलेल्या बारीक सळईने) दात-हिरडीमधल्या फटीची खोली मोजून घ्या. ३ मिमीपर्यंत ठीक. ४ मिमी किंवा जास्त आणि वर रक्त, म्हणजे पॉकेट, हिरडी दातापासून सुटून झालेली खाच. मग एक्स-रे, हिरडीखालची सफाई आणि सुमारे तीन महिन्यांनी पुन्हा मोजणी. रक्त येतं म्हणून ती जागा ब्रश न करता सोडणारे खूप असतात. तिथेच किटण वाढतं आणि रक्तही. सिगारेट ओढत असाल तर रक्त कमी दिसेल, आजार आतल्या आत वाढेल. लिपिड (रक्तातली चरबी) आणि बीपीही आताच तपासा.

प्रश्न : आईची एचबीए१सी (तीन महिन्यांची सरासरी साखर) ८.६ टक्के आहे, हिरड्या सुजल्यात. दात साफ केल्याने साखर उतरेल? (परळ)

थोडी उतरते. हिरडीखालची सफाई नीट झाली तर सरासरी ०.३ ते ०.५ टक्क्यांनी. तांबड्या पेशी सुमारे १२० दिवस जगतात, त्यामुळे फरक तीन महिन्यांनीच मोजा. औषधं तशीच चालू ठेवा. उपाशीपोटी मात्र नेऊ नका, साखर एकदम खाली जाऊ शकते. नाश्ता आणि नेहमीची गोळी झाल्यावर सकाळची वेळ घ्या. बीपीसाठी अ‍ॅम्लोडिपिन चालू असेल तर तेही सांगा, काहींच्या हिरड्या त्यानेही फुगतात.

प्रश्न : लाळेचं जनुक-तपासणी किट मागवू का? (ठाणे)

नको. निकाल काहीही आला तरी उपचार प्रोबच्या मोजणीवरच ठरतात. तो पैसा सफाईवर घाला.

प्रश्न : भाची पाच वर्षांची. दुधाचे दात हलून पडताहेत, तळहात-तळपाय जाड, भेगाळलेले. भाऊ-वहिनी आते-मामे भावंडं आहेत. (भांडुप)

यात वाट बघत थांबू नका. दात आणि तळवे दोन्ही एकत्र बिघडले की पॅपिलॉन-लेफेव्हर सिंड्रोम या अनुवंशिक आजाराची शंका घ्यावी लागते. सीटीएससी या जनुकाच्या दोन्ही प्रती सदोष असल्या की कॅथेप्सिन सी हे एन्झाइम काम करत नाही आणि पांढऱ्या पेशींची जंतूंशी लढण्याची ताकद कमी पडते. आई-वडील दोघे वाहक (एकच प्रत सदोष असलेले) असतील तर प्रत्येक गरोदरपणात २५ टक्के शक्यता, म्हणून भावंडंही दाखवा. मुंबई सेंट्रलचं नायर दंत रुग्णालय किंवा सीएसएमटीजवळचं शासकीय दंत महाविद्यालय, इथे लहान मुलांचा विभाग गाठा. पडलेले दात डबीत घालून न्या. मूळ न झिजता अख्खा दात पडला असेल तर डॉक्टर रक्तातलं अल्कलाइन फॉस्फटेज हे एन्झाइमही बघतील, कारण ते खूप कमी असेल तर आजार वेगळा, हाडांचा असतो. वारंवार ताप किंवा गळवं होत असतील तर तेही सांगा. या आजारात यकृतातही गळू होऊ शकतं.