बोलोन्यातला मोकळा दिवस

या महिन्यात आलेल्या पत्रांपैकी चार पत्रे एकाच विषयाची निघाली, म्हणून त्यांना एकत्रच उत्तरे देत आहोत.

प्रश्न : आम्ही दोघे पती-पत्नी निवृत्त असून सप्टेंबरमध्ये स्वतःच आखणी करून इटलीला जाणार आहोत. फ्लॉरेन्सहून व्हेनिसला जाताना बोलोन्यात एक दिवस मोकळा ठेवला आहे. तेथून मार्गदर्शकासह एक दिवसाची सहल निघते. तीत पार्मिजानो चीज, पार्माचे हॅम आणि मोदेनाचे बाल्सामिक व्हिनेगर कसे तयार होते हे दाखवतात, चाखायला देतात आणि शेवटी पारंपरिक जेवणही असते. मी सर्व काही खातो, पत्नी मात्र पूर्ण शाकाहारी असून अंडेही खात नाही. सहलीचा खर्च बराच आहे. तो करावा, की त्या दिवसात बोलोन्या शहरच पाहावे?
— एक वाचक, कोथरूड

उत्तर : सहलीला अवश्य जावे, मात्र पैसे भरण्यापूर्वी आयोजकांना एकच प्रश्न लेखी विचारावा : चीजच्या कारखान्यात आपण नेमके किती वाजता पोहोचणार आहोत? या प्रश्नाचे महत्त्व प्रस्तुत लेखकाला स्वतःच्या फजितीतून कळलेले आहे. पहिल्या खेपेस निवडलेल्या स्वस्त सहलीची बस चार हॉटेलांतून प्रवासी गोळा करत साडेदहाला तेथे पोहोचली, तेव्हा तांब्याच्या काहिली धुऊन पुसण्याचे काम चालू होते. त्यानंतर आम्हाला काचेआडून रिकामी खोली दाखवण्यात आली आणि एका पडद्यावर चित्रफीत. चाखायला मिळालेले तुकडे उत्तम होते, यात शंका नाही, परंतु तसे तुकडे पुण्यातल्या एखाद्या मोठ्या दुकानातही पैसे टाकून मिळू शकतात. तेथे जाऊन पाहायचे असते ते सकाळी घडते आणि सकाळीच संपते.

ते काय असते, हे थोडे विस्ताराने सांगतो. संध्याकाळचे दूध रात्रभर उथळ टाक्यांत ठेवतात आणि सकाळी वर आलेली साय काढून घेतात. उरलेल्या दुधात सकाळचे ताजे, सायीसकट दूध मिसळतात. हे दूध तापवून निर्जंतुक केलेले नसते, कच्चेच असते. ते उलट्या घंटेच्या आकाराच्या तांब्याच्या काहिलीत ओतले, की त्यात आदल्या दिवशीच्या चीजची राखून ठेवलेली निवळी घालतात. आपल्याकडे कालच्या दह्यातले चमचाभर आज विरजणाला लावतात, तोच हा प्रकार. त्यानंतर रेनेट घातले, की दहाएक मिनिटांत दूध थिजते. मग तारांच्या पिंजऱ्यासारख्या एका मोठ्या रवीने ते फोडायचे, आणि तेही तांदळाच्या कण्यांइतके बारीक होईपर्यंत. कारागीर मधूनमधून हात बुडवून मूठभर कण्या बाहेर काढतो, दाबून पाहतो आणि काही न बोलता पुन्हा रवी हातात घेतो. पुढे काहिलीचे तापमान ५५ अंशांपर्यंत नेतात आणि ढवळणे थांबवतात, म्हणजे साऱ्या कण्या तळाशी बसून त्यांचा एकच गोळा होतो. सुमारे तासाभराने दोघे जण लाकडी फावड्याने तो गोळा वर उचलतात, सुती कापडात बांधून आडव्या दांड्याला टांगतात आणि सुरीने त्याचे दोन भाग करतात. एका काहिलीतून अशा दोन ढेपी निघतात आणि त्यांना तेथे जुळी भावंडेच म्हणतात. एका ढेपीला सुमारे ५५० लिटर दूध लागते आणि पक्व झाल्यावर ती ४० किलोच्या आसपास भरते, म्हणजे किलोभर चीजमागे जवळजवळ १४ लिटर दूध जाते. किंमत एवढी का, याचा निम्मा उलगडा हा हिशेब ऐकताच होतो.

उरलेला निम्मा उलगडा कोठारात होतो. साच्यात आकार घेतलेल्या ढेपी काही आठवडे मिठाच्या पाण्यात ठेवतात आणि मग छतापर्यंत गेलेल्या लाकडी फळ्यांवर रचून निदान १२ महिने मुरवतात. चांगल्या ढेपी २४ किंवा ३६ महिनेही मुरतात. वर्ष पूर्ण झाले, की परीक्षक येतो आणि एका लहान हातोडीने प्रत्येक ढेप ठोकून तिचा आवाज ऐकतो. आत पोकळी किंवा भेग असेल तर आवाज बदलतो आणि मग तिच्यावर पहिल्या प्रतीचा शिक्का बसत नाही. बाजारात नारळ कानाशी धरून वाजवणाऱ्या माणसाला ही परीक्षा समजावून सांगावी लागणार नाही. या ढेपी इतक्या भरवशाच्या मानल्या जातात, की तेथील एक बँक त्या तारण ठेवून घेऊन चीज उत्पादकांना कर्ज देते आणि त्यांच्यासाठी वातानुकूलित कोठारेही चालवते. मे २०१२ मध्ये एमिलिया प्रांतात भूकंप झाला, तेव्हा कोठारांतल्या फळ्या कोसळून लाखो ढेपी जमिनीवर आल्या. त्या फुकट जाऊ नयेत म्हणून मोदेनाचे प्रसिद्ध बल्लवाचार्य मास्सिमो बोत्तुरा यांनी पार्मिजानो घालून केलेल्या भाताची एक पाककृती जगभर पोहोचवली आणि घरोघरी लोकांनी ते चीज विकत घेतले.

आता आपल्या पत्नीविषयी. येथे गोडगोड बोलण्यात अर्थ नाही. पार्मिजानोसाठी वापरले जाणारे रेनेट हे दूधपित्या वासराच्या जठरातून काढतात. त्याला पर्याय वापरण्याची मुभा नियमांतच नाही. म्हणून काटेकोर शाकाहारी व्यक्तीने अस्सल पार्मिजानो खाता कामा नये. भारतात तयार होणाऱ्या चीजमध्ये सहसा सूक्ष्मजीवांपासून मिळवलेले रेनेट असते, त्यामुळे ‘चीज म्हणजे दूधच’ अशी आपली समजूत झालेली असते, आणि म्हणूनच ही गोष्ट सहलीच्या माहितीपत्रकात नसली तरी घरून निघण्यापूर्वी माहीत असलेली बरी. निवळी पुन्हा तापवून केलेला रिकोत्ताही त्याच दुधाचा असल्यामुळे फार कडक नियम पाळणाऱ्यांनी तोही टाळावा.

जेवणातही सावधगिरी हवी. तोर्तेल्लिनी या इवल्याशा करंज्यांच्या सारणात डुकराचे मांस, हॅम आणि मोर्तादेल्ला असते. या प्रांतातला ताजा पास्ता अंडी घालूनच मळतात. दक्षिणेकडचा वाळवलेला पास्ता मात्र रव्याचा आणि पाण्याचा असतो. सर्वांत फसवा पदार्थ म्हणजे न्योक्को फ्रित्तो. टम्म फुगलेल्या पुरीसारखा दिसतो, पाहताच हात पुढे जातो, आणि परंपरेने तो डुकराच्या चरबीत तळलेला असतो. आयोजकांना आधी कळवले तर टोमॅटोच्या रसातला वाळवलेला पास्ता, भाजलेल्या भाज्या, कोशिंबिरी, फळे असे जेवण मिळते. ऑर्डर देताना ‘सेन्त्सा कार्ने, सेन्त्सा फोर्माज्जो, सेन्त्सा स्त्रुत्तो’, म्हणजे मांस नको, चीज नको, चरबी नको, एवढे तीन शब्दप्रयोग पाठ असावेत. हॅमच्या ठिकाणी हजारो मांड्या टांगलेल्या असतात आणि वासही दाट असतो. तो तासभर पत्नीने बाहेर काढला तरी काही बिघडत नाही. व्हिनेगर मात्र त्यांनी निर्धास्तपणे चाखावे, त्यात द्राक्षांशिवाय काहीही नसते. त्यांच्या वाट्याला चव कमी येईल, परंतु काहिलीपाशी सकाळी आठला उभे राहण्यासाठी चीज खाण्याची अट नाही, आणि घरी रोज दूध तापवणाऱ्या, विरजण लावणाऱ्या माणसाला तेथे जे दिसते ते बाकीच्यांना दिसेलच असे नाही.

प्रश्न : असल्या सहलींमध्ये ‘हजार वर्षांची परंपरा’ असे सर्रास सांगतात. त्यात तथ्य किती आणि जाहिरात किती?
— इतिहासाची एक निवृत्त शिक्षिका, सदाशिव पेठ

उत्तर : आपली शंका रास्त आहे, तरी या प्रांताच्या बाबतीत कागदोपत्री आधार बराच भक्कम आहे. मध्ययुगात बेनेडिक्टाइन आणि सिस्टर्शियन पंथांच्या मठांनी पो नदीच्या खोऱ्यात दलदल उपसून कुरणे केली, गायी वाढवल्या, आणि जास्तीचे दूध टिकवण्यासाठी मोठ्या, कोरड्या ढेपींची रीत बसवली. सन १२५४ मध्ये जिनोव्हात झालेल्या एका नोंदणीकृत दस्तात पार्माच्या चीजचा उल्लेख आढळतो. चौदाव्या शतकात इटालियन लेखक बोक्काच्चोने एका कथेत किसलेल्या पार्मिजानोचा डोंगरच रचून दाखवला आहे, म्हणजे हे चीज तोवर वाचकांच्या चांगले परिचयाचे झाले होते. व्हिनेगरच्या बाबतीत १०४६ चा दाखला देतात. कानोस्सा घराण्यातल्या बोनिफाचो या सरदाराने सम्राट तिसऱ्या हेन्रीला उत्कृष्ट व्हिनेगर भेट दिल्याचे दोनित्सोने नावाच्या भिक्षूने लिहून ठेवले आहे. मात्र ते आजच्यासारखेच व्हिनेगर होते असे त्यावरून सिद्ध होत नाही, आणि मार्गदर्शक हा फरक क्वचितच सांगतात.

रस्ता मात्र खरोखर जुना आहे. बोलोन्या, मोदेना, रेज्जो आणि पार्मा ही चारही शहरे ज्या सरळ रेषेत बसलेली दिसतात, ती रेषा म्हणजे रोमन कॉन्सल मार्कुस एमिलिउस लेपिदुस याने इ.स.पू. १८७ मध्ये बांधलेला मार्ग. प्रांताला एमिलिया हे नाव त्यावरूनच पडले. उलट, ज्यांना आपण पुरातन समजतो अशा काही गोष्टी अगदी अलीकडच्या आहेत. टोमॅटो अमेरिकेतून आला. शिजवलेल्या तालियातेल्ले या पास्त्याची पट्टी ८ मिलिमीटर रुंद असावी, हे बोलोन्याच्या वाणिज्य मंडळात १९७२ मध्ये नोंदवले गेले आणि तोर्तेल्लिनीच्या सारणाची कृती १९७४ मध्ये. परंपरेला मोजपट्टी लावून तिची दप्तरी नोंद करणे हा खास बोलोन्याचा स्वभाव म्हणावा लागेल. विद्यापीठाची स्थापना १०८८ ची मानणारे हे शहर आहे. आपल्या शहरातल्या विद्वानांना हा स्वभाव आवडेल, असे राहून राहून वाटते.

प्रश्न : पुण्यात बाल्सामिक व्हिनेगरची बाटली काही शे रुपयांना मिळते. तेथे तळहाताएवढ्या बाटलीचे शंभर युरो सांगतात. ही लूट नव्हे काय?
— एक वाचक, औंध

उत्तर : नाव सारखे असले तरी वस्तू दोन आहेत. स्वस्त बाटलीत द्राक्षरसात वाइनचे व्हिनेगर मिसळलेले असते आणि ते निदान ६० दिवस ठेवलेले असते. कोशिंबिरीवर घालायला ते पुष्कळ झाले. ‘त्रादित्सिओनाले’ हा शब्द लेबलवर असेल, तर ती दुसरी वस्तू. तिच्यासाठी त्रेब्ब्यानो, लाम्ब्रुस्को अशा द्राक्षांचा रस उघड्या भांड्यात आटवतात. काकवीचे गुऱ्हाळ ज्यांनी पाहिले आहे, त्यांना तो रंग आणि तो वास ओळखीचा वाटेल. हा रस ओक, चेस्टनट, चेरी, तुती, जुनिपर अशा निरनिराळ्या लाकडांच्या, उतरत्या आकाराच्या पिंपांच्या ओळीत मुरत राहतो. दरवर्षी सर्वांत लहान पिंपातून थोडेसे काढायचे, तेथे पडलेली तूट शेजारच्या मोठ्या पिंपातून भरायची, त्याची त्याच्या शेजारच्यातून, आणि सर्वांत मोठ्या पिंपात नवा आटवलेला रस घालायचा. ही पिंपे तळघरात नसून घराच्या माळ्यावर असतात, कारण उन्हाळ्याचा ताव आणि हिवाळ्याची थंडी दोन्ही लागल्याशिवाय ते दाट होत नाही. निदान १२ वर्षे मुरल्यानंतर ते बाटलीत भरता येते. २५ वर्षांच्या वर गेलेल्याला ‘एक्स्त्राव्हेक्यो’ म्हणतात आणि त्याच्या बाटलीचे झाकण सोनेरी असते. बाटली १०० मिलिलिटरची आणि ठरीव आकाराचीच असते. तो आकार मोटारींचे प्रख्यात रचनाकार जोर्जेत्तो जुजारो यांनी दिलेला आहे. मुलगी जन्मली, की तिच्या नावाने पिंपांची नवी ओळ लावायची आणि लग्नात ती तिला द्यायची, अशी मोदेनाच्या घरांतली रीत सांगतात. पुरंदरच्या अंजिराला किंवा पुणेरी पगडीला मिळालेले भौगोलिक मानांकन जसे गावाचे नाव जपते, तसेच हे आहे, फक्त तेथे त्यासोबत वर्षांचाही हिशेब आहे. तेव्हा लूट म्हणता येणार नाही. बाटली घ्यावीच असेही नाही. चाखायला मिळणारा चमचा जिभेवर सावकाश फिरवावा आणि मग खिशाला विचारावे.

प्रश्न : मार्गदर्शकाशिवाय हे सर्व पाहता येईल का? आणि सोबत घरी काय आणावे?
— एक वाचक, सिंहगड रस्ता

उत्तर : मोदेना आणि पार्मा या दोन्ही ठिकाणी बोलोन्याहून रेल्वेने सहज जाता येते. मोदेनातील अल्बिनेल्ली या छपराखालच्या मंडईत आणि बोलोन्याच्या क्वाद्रिलातेरो या दाट बाजारात स्वतःच्या चालीने फिरण्याचा आनंद वेगळाच. परंतु चीजचे कारखाने आणि व्हिनेगरचे माळे गावाबाहेर, शेतांमध्ये विखुरलेले असतात, तेथे भल्या सकाळी सार्वजनिक वाहनाने पोहोचणे कठीण आहे, आणि मार्गदर्शकाचा मोबदला प्रामुख्याने त्याच सोयीचा असतो. मोटार भाड्याने घेणार असाल, तर सोरान्या येथील चीजचे, लांगिरानो येथील हॅमचे आणि स्पिलाम्बेर्तो येथील व्हिनेगरचे संग्रहालय पाहावे. १५ ऑगस्टच्या आसपासचा आठवडा टाळावा, इटलीतल्या त्या वेळच्या सुट्टीत अनेक कौटुंबिक व्यवसाय बंद असतात. गुडघे दुखत असतील, तर माळ्यावर जाणारा जिना किती उभा आहे हे आधीच विचारून घ्यावे.

हॅम आणण्याच्या भानगडीत पडू नये, मांसजन्य पदार्थ भारतात आणण्यावर निर्बंध आहेत. व्हिनेगरची बाटली कपड्यांत गुंडाळून मोठ्या बॅगेत टाकावी. घरी आल्यावर तिला फ्रीजमध्ये ठेवण्याची गरज नाही. बूच घट्ट लावून ती स्वयंपाकघरातल्या अंधाऱ्या फडताळात ठेवावी, मात्र हिंगाच्या डबीपासून शक्य तितकी दूर.