टोकियोहून मात्सुमोतो किल्ला एका दिवसात गाइडबरोबर पाहता येतो का?

येतो, पण सकाळी लवकर निघा. टोकियोतल्या शिंजुकू स्टेशनहून आझुसा एक्सप्रेस या ट्रेनने साधारण अडीच-पावणेतीन तास लागतात. सगळ्या सीट आरक्षित असतात, तिकीट आधीच काढा. मात्सुमोतो स्टेशनपासून किल्ला चालत १५-२० मिनिटांवर.

आधी किल्ला, मग गाव. किल्ला ८.३० ला उघडतो. सुट्ट्यांच्या दिवसांत उशीर केलात तर जिन्याच्या रांगेतच तासभर जातो. बाहेरून पाच मजले दिसतात, आत सहा आहेत. लपलेला मजला कुठला, हे गाइडला विचाराच. बूट काढून पिशवीत घालून हातात धरावे लागतात. चौथ्या-पाचव्या मजल्यामधला जिना ६१ अंशांचा, पायऱ्या ४० सेंटिमीटरपर्यंत उंच. त्यात गुळगुळीत लाकडावर मोजे घसरतात. उतरताना एक हात मोकळा हवाच. गुडघे दुखत असतील तर खंदकापलीकडूनच पाहा. खरं तर सर्वांत देखणा तिथूनच दिसतो.

किल्ल्यात स्वयंसेवक गाइड मोफत इंग्रजीतून दाखवतात, फक्त ते मिळतीलच असं नाही. नंतर नाकामाची रस्ता: १८८८ च्या आगीनंतर बांधलेली जाड मातीच्या भिंतींची गोदामं. शाकाहारी असाल तर सोबा (कुट्टूच्या पिठाच्या नूडल्स) जपून. त्या ज्या रसात बुडवून खातात, त्यात बहुधा माशाचा अर्क असतो.