एसबॉमवर विसंबायचं का? वाचकांच्या प्रश्नांना उत्तरं

एसबॉम (सॉफ्टवेअर बिल ऑफ मटेरियल्स) म्हणजे एखादं सॉफ्टवेअर कोणकोणत्या घटकांचं बनलंय त्याची यादी. तिच्याबद्दल गेल्या काही आठवड्यांत आलेले प्रश्न वरवर वेगवेगळे आहेत. पण बहुतेकांच्या मुळाशी शंका एकच आहे: टूलने फाइल तर दिली, पण तिच्यावर विश्वास कितपत ठेवायचा? त्यातले पाच प्रश्न इथे घेतो.

प्रश्न : सायक्लोनडीएक्स-सीएलआय इन्स्टॉल केलं, प्रोजेक्टच्या फोल्डरमध्ये जाऊन चालवलं, पण एसबॉम काही तयार होत नाही. कोणती कमांड द्यायची?

त्या टूलचं ते कामच नाही. सायक्लोनडीएक्स हे एसबॉम लिहिण्याच्या एका फॉरमॅटचं नाव, त्यामुळे ही गल्लत नेहमी होते. ते तयार एसबॉमवर काम करतं: दोन याद्या जोडणं, त्यांतला फरक दाखवणं, फाइल नियमाप्रमाणे आहे का ते तपासणं, एका फॉरमॅटमधून दुसऱ्यात नेणं. यादी मुळात बनवायला सिफ्ट, ट्रिव्ही किंवा सीडीएक्सजेन वापरा. मेव्हन आणि ग्रेडल या जावाच्या बिल्ड टूल्ससाठी सायक्लोनडीएक्सचे स्वतःचे प्लगइन आहेत, आणि ते जिथे मिळतात तिथे माझा कौल त्यांनाच. एखाद्या लायब्ररीच्या चार आवृत्त्या मागितल्या गेल्या आणि शेवटी त्यातली कोणती उचलली गेली, हे बिल्ड टूलइतकं नेमकं कुणालाच माहीत नसतं.

प्रश्न : सिफ्ट रिपॉझिटरीवर चालवलं तर एक यादी येते, त्याच प्रोजेक्टच्या कंटेनर इमेजवर चालवलं तर दुसरीच. खरी कुठली?

दोन्ही खऱ्या, पण दोन वेगळ्या गोष्टींच्या. रिपॉझिटरीत लॉकफाइल (वापरलेल्या पॅकेजांच्या नेमक्या आवृत्त्यांची नोंद) वाचली जाते, त्यामुळे टेस्ट फ्रेमवर्क, लिंटर अशी कधीच बाहेर न जाणारी मंडळीही यादीत येऊन बसू शकतात. इमेजमध्ये ती बहुधा नसतात. पण बेस इमेजबरोबर आलेलं ओपनएसएसएल असतं, जीलिबसी असतं, झीलिब असतं, ज्यांचा तुमच्या कोडमध्ये मागमूसही नाही. अमेरिकेच्या सीसा या सायबरसुरक्षा संस्थेने 2023 मध्ये एसबॉमचे सहा प्रकार मांडले ते यासाठीच: डिझाइन, सोर्स, बिल्ड, अ‍ॅनालाइज्ड, डिप्लॉइड आणि रनटाइम. ग्राहकाच्या हातात इमेज जात असेल, तर त्याला द्यायची यादीही इमेजचीच.

हे मी इतक्या ठामपणे सांगतो त्याला कारण आहे. डिसेंबर 2021 मध्ये लॉगफोरजे या जावाच्या लॉगिंग लायब्ररीमधली ती कुप्रसिद्ध त्रुटी, सीव्हीई-2021-44228, जाहीर झाली. आमच्या टीमकडे एसबॉम होता, पण तो पॉम फाइलवरून, म्हणजे मेव्हनला कोणत्या लायब्ररी हव्यात ते सांगणाऱ्या फाइलवरून बनवलेला. त्यात लॉगफोरजे-कोअर शोधलं, सापडलं नाही, आणि आम्ही निर्धास्त झालो. दुसऱ्या दिवशी एका सहकाऱ्याने लिब फोल्डरमध्ये कधीकाळी कुणीतरी आणून ठेवलेली एक जार फाइल (जावाच्या कोडचं गाठोडं) उघडून आतल्या फाइली एकेक करून वाचल्या. खाली कुठेतरी 'जेएनडीआयलुकअप' नावाची क्लास फाइल होती. त्या जारच्या निर्मात्याने लॉगफोरजे आपल्या पोटात घेतलं होतं, आणि पॉमला त्याचा पत्ताच नव्हता. यादी खोटी नव्हती. आम्ही तिला चुकीचा प्रश्न विचारला होता.

सिफ्टसारखं टूल जारच्या आत शिरतं, आतली जारही उघडतं. पण ते ओळख पटवतं ती मुख्यतः मॅनिफेस्ट आणि मेटा-इन्फ फोल्डरमधल्या पॉम प्रॉपर्टीज फाइलवरून. या खुणाच पुसल्या असतील, तर आतली लायब्ररी यादीतून निसटू शकते. म्हणून हाताने आणून ठेवलेल्या जार, कॉपी करून चिकटवलेला सी कोड, असं जे पॅकेज मॅनेजरच्या वाटेने आलेलंच नाही, ते एकदा बसून स्वतः शोधा आणि एसबॉममध्ये हाताने भरा. कंटाळवाणं काम आहे, पण पर्याय नाही.

प्रश्न : आमच्या उत्पादनात आठ सेवा आहेत. आठही एसबॉम मर्ज केले, तर कुठली लायब्ररी कुठल्या सेवेतली हेच कळेनासं झालं.

सायक्लोनडीएक्स-सीएलआयचं साधं मर्ज सगळे घटक एकाच सपाट यादीत ओततं. '--हायरार्किकल' हा पर्याय द्या, सोबत '--नेम' आणि '--व्हर्जन' यांत पूर्ण उत्पादनाचं नाव आणि आवृत्ती. मग प्रत्येक सेवा आपापल्या घटकांसह वेगळ्या फांदीवर दिसते. अट एवढीच की, प्रत्येक मूळ फाइलच्या मेटाडेटामध्ये 'हा एसबॉम कशाचा' हे भरलेलं हवं; नसेल तर टूल तिथेच अडतं. मूळ आठ फाइली मात्र फेकू नका. उद्या एकाच सेवेचा रिलीज झाला, की नवी फाइल घेऊन मर्ज पुन्हा करायला त्या लागणारच.

प्रश्न : पाइपलाइनमध्ये 'व्हॅलिडेट' टाकलं आहे. ते कायम हिरवं असतं. तरीही ग्राहकाने एसबॉम सदोष म्हणून परत पाठवला. असं कसं?

इथे दोन गोष्टी आहेत. एक, सायक्लोनडीएक्स-सीएलआयला '--फेल-ऑन-एरर्स' दिलं नाही, तर ते चुका छापतं, पण एक्झिट कोड शून्यच, म्हणजे 'सगळं ठीक' असाच ठेवतं. पाइपलाइनला लॉग वाचता येत नाही, तिला फक्त तो कोड कळतो. आधी तुमचे जुने लॉग उघडून पाहा. चूक तिथे कदाचित पहिल्यापासून छापलेली असेल.

दुसरी गोष्ट जास्त महत्त्वाची. व्हॅलिडेट फक्त फाइलची घडण तपासतं. घटकांची यादी साफ रिकामी असलेला एसबॉमसुद्धा त्यातून सुखरूप पार होतो. अमेरिकेच्या एनटीआयए या सरकारी संस्थेने जुलै 2021 मध्ये किमान सात माहित्या ठरवून दिल्या: पुरवठादार, घटकाचं नाव, आवृत्ती, इतर ओळखक्रमांक, घटकांमधलं नातं, यादी कुणी केली आणि कधी केली. यातला पुरवठादाराचा रकाना टूल्स सहसा रिकामा सोडतात, आणि ग्राहक नेमकं तेच पाहतो. जेक्यू (जेसन फाइली चाळणारं टूल) वापरून दोन मोजण्या पाइपलाइनमध्ये घाला: आवृत्ती नसलेले घटक किती, आणि पर्ल, म्हणजे पॅकेज यूआरएल, नसलेले किती. पर्ल नसेल तर बहुतेक भाषांच्या पॅकेजांची त्रुटींच्या डेटाबेसशी नीट जुळणी होत नाही. घटक यादीत असतो, पण त्याच्याबद्दल कुणी कधी धोक्याची सूचना देत नाही.

(याच वाचकांचा उपप्रश्न: ग्राहकाला एसपीडीएक्स हा एसबॉमचा दुसरा फॉरमॅट हवा आहे, कन्व्हर्ट करून देऊ का? शक्यतो नको. सायक्लोनडीएक्समधली काही माहिती पलीकडे जशीच्या तशी जात नाही. सिफ्ट एकाच फेरीत दोन्ही फॉरमॅट लिहून देतं, तेच वापरा.)

प्रश्न : प्रत्येक रिलीजला एसबॉम बनतो आणि पडून राहतो. त्याचं पुढे करायचं काय?

हा प्रश्न मला सर्वांत आवडला, कारण काम खरं इथून सुरू होतं. यादी रिलीजबरोबर गोठते. त्रुटी मात्र नंतर सापडत राहतात. म्हणून ग्राहक आज वापरत असलेल्या प्रत्येक आवृत्तीचा एसबॉम रोज रात्री ग्राइप या त्रुटी शोधणाऱ्या टूलला द्या. ते एसबॉम थेट वाचतं, इमेज पुन्हा उतरवावी लागत नाही. मार्च 2024 मध्ये एक्सझेड या फाइली कॉम्प्रेस करणाऱ्या टूलच्या 5.6.0 आणि 5.6.1 या आवृत्त्यांमध्ये चोरदरवाजा सापडला, तेव्हा ज्यांच्याकडे जुन्या याद्या नीट ठेवलेल्या होत्या त्यांना नाव आणि आवृत्ती एवढंच शोधायचं होतं.

आणि रिलीजच्या आधी सायक्लोनडीएक्स-सीएलआयचं 'डिफ' चालवा, मागचा एसबॉम आणि हा. '--कंपोनंट-व्हर्जन्स' द्यायला विसरू नका, नाहीतर हाती काही लागत नाही. आलेल्या ओळी माणसाने वाचायच्या. एका लायब्ररीची छोटीशी आवृत्ती वाढवली आणि तिच्यामागून अनोळखी पाच पॅकेजं आत आली, हे कोड रिव्ह्यूमध्ये लॉकफाइलच्या शेकडो ओळींत हरवतं. इथे ते सरळ समोर येतं. नवी ओळ दिसली, की ज्याने ती आवृत्ती वाढवली त्याला त्याच दिवशी विचारा: हे कशासाठी लागतंय?